टेलचं पाणी

शिरवळला नीरेच्या घाटावर दशक्रियेचं प्रवचन ऐकलं नाही, असा माणूस गावात सापडायचा नाही. सकाळी मंडळी जमतात, पिंड मांडले जातात, सगळ्यांचे डोळे कावळ्याकडे लागतात आणि तेवढ्यात बुवा बोलायला उभे राहतात. त्यांच्या बोलण्यात एक दृष्टान्त हमखास असतो. नदी डोंगरात जन्म घेते, दऱ्याखोऱ्यांतून वाट काढते, गावोगावचे ओढे पोटात घेते आणि शेवटी समुद्राला मिळते. तिथं तिचं नाव उरत नाही, रूप उरत नाही. गेलेला जीवही तसाच परमात्म्याला मिळाला. शोक करू नका. घरची माणसं डोळे पुसतात. त्या घटकेला या दृष्टान्ताएवढा दुसरा आधार नसतो. वडिलांच्या दहाव्याला मीही तो धरून बसलो होतो.

दृष्टान्त फार जुना आहे. मुंडकोपनिषदात तो आहे, प्रश्नोपनिषदात आहे आणि छांदोग्यात उद्दालक ऋषी आपल्या मुलाला, श्वेतकेतूला, आत्मा म्हणजे काय ते समजावताना नद्यांचाच दाखला देतात. एवढी शतकं जो टिकला, त्याच्यात बळ असणारच.

पण मी पाटबंधारे खात्यातला माणूस. नोकरीची बहुतेक वर्षं नीरा उजव्या कालव्यावर कालवा निरीक्षक म्हणून गेली. पाणी कुठून निघालं, किती निघालं, कुठं पोचलं, वाटेत किती मुरलं, याचा हिशेब ठेवायचा, हेच काम. त्यामुळे हा दृष्टान्त ऐकताना माझ्या मनात एक गोष्ट सलत राहायची. ती बोलून दाखवायचा धीर मात्र मला झाला नाही. तो आमच्या भावकीतल्या एका वहिनींना झाला. त्यांच्या मालकांचा दहावा आटोपला, मंडळी पांगली, आणि ओल्या पायऱ्यांवर उभ्या राहून त्यांनी मला विचारलं, "भाऊजी, तुमी पाण्यातली मानसं. खरं सांगा, आपली नीरा जाती का ओ समुद्राला?"

मी त्यांना तिथं धड उत्तर दिलं नाही. "जाते की," म्हणालो. हे लिहितोय ते त्या प्रश्नासाठी.

*

आधी वाट सांगतो. वाट नीट कळल्याशिवाय पुढचं बोलण्यात अर्थ नाही.

नीरा उगम पावते ती भोर तालुक्यात, वरंध घाटाच्या माथ्यावर शिरगावच्या परिसरात. आषाढात तिथं गेलात तर पश्चिमेकडून ढग दरीतून वर चढताना दिसतात. ते अरबी समुद्रावरून आलेले असतात आणि सह्याद्रीच्या भिंतीला धडकून तिथंच मोकळे होतात. माथ्याच्या पश्चिमेला पडलेलं पाणी कडे उतरून शिवथरच्या खोऱ्यात जातं, महाडला सावित्रीत मिसळतं आणि बाणकोटच्या खाडीतून अरबी समुद्रात. आलं तिथं परत. पावसाळ्यात या प्रवासाला काही दिवसही लागत नाहीत. पण त्याच माथ्यावर चार पावलं पूर्वेला पडलेला थेंब समुद्राकडे पाठ फिरवतो. तो हिरडस मावळातून खाली येतो, देवघरच्या धरणात थांबतो, भोरवरून पुढं निघतो. वेळवंडीचं पाणी भाटघरला अडतं. तिथलं आजचं धरण 1928 साली पुरं झालं. राजगड-तोरण्याचं पाणी गुंजवणी घेऊन येते. मग सारोळ्याचा पूल, आमचं शिरवळ, आणि खाली वीर धरणाचा फुगवटा. आमच्या सुभानमंगळ किल्ल्याच्या उरल्यासुरल्या खुणा याच काठावर आहेत. शिवाजी महाराजांच्या मावळ्यांनी 1648 च्या सुमाराला फत्तेखानाच्या फौजेकडून तो किल्ला घेतला. आज बुरुजापेक्षा नदीच जास्त शाबूत आहे.

वीरपासून पुढं नीरा पुणे आणि सातारा जिल्ह्यांच्या शिवेवरून वाहते. सोनगावला कऱ्हा येऊन मिळते. दोनेकशे किलोमीटर चालून नरसिंगपूरला नीरा भीमेत जाते. भीमा पंढरपूरला चंद्रभागा होते, पुढं पुन्हा भीमा होते, सोलापूर आणि कर्नाटक ओलांडून रायचूरजवळ कृष्णेला मिळते. ती कृष्णा आपलीच, साताऱ्याचीच. नीरा जिथं उगवते तिथून सरळ रेषेत वीस-पंचवीस किलोमीटरवर, महाबळेश्वरला, ती उगवलेली. एकीने वाई, माहुली, कऱ्हाड, सांगली ही वाट धरली, दुसरीने भोर, शिरवळ, पंढरपूर ही. शेजारच्या डोंगरात जन्मलेल्या दोघींची गाठ पडते ती थेट तेलंगणाच्या तोंडाशी. तिथून श्रीशैलम, नागार्जुनसागर, विजयवाड्याचा प्रकाशम बराज, आणि मग आंध्रात हंसलदीवीला बंगालचा उपसागर. कृष्णेचा उगम अरबी समुद्रापासून जेमतेम चौसष्ट किलोमीटरवर, पण ती चालते सुमारे 1,400 किलोमीटर, दुसऱ्याच समुद्राकडे.

याचं कारण दगडात आहे. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थर साचून दख्खन झाली आणि पुढं तिची पश्चिमेची कड उंच राहून सारी जमीन पूर्वेला कलती झाली. शिवाय ती कड स्थिर नाही. कोकणात उतरणारे ओढे उभ्या उतारामुळे जोरात कापतात आणि माथा थोडाथोडा पूर्वेला सरकवत नेतात. आज जे पाणी नीरेचं आहे त्यातलं काही, फार फार पुढच्या काळात, सावित्रीचं होईल. नदीचं खोरंसुद्धा तिच्या नावावर कायमचं लिहिलेलं नसतं.

*

आता वहिनींचा प्रश्न. वाट समुद्रापर्यंत आहे, हे खरं. पण वाट असणं वेगळं आणि पाणी पोचणं वेगळं.

वीर धरणातून दोन कालवे निघतात. डावा 1885 सालचा, इंग्रजांनी दुष्काळानंतर काढलेला. तो पुरंदर, बारामती, इंदापूरला जातो. उजवा 1938 सालचा. तो खंडाळा, फलटण, माळशिरसकडे जातो, दीडशे किलोमीटरहून लांब. सध्याचं वीर धरण 1965 चं. घाटमाथ्यावर पाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो आणि फलटणला पाचशे मिलिमीटरच्या आसपास. ही तफावत भरून काढायला माणसाने नदी वाटून घेतली. पावसाळ्याचा पूर सोडला तर वीरच्या भिंतीखाली नदीला जे उरतं ते थोडं. बाकी सगळं कालव्यात, कालव्यातून वितरिकेत, वितरिकेतून चारीत, चारीतून पोटचारीत आणि तिथून सरीत. उसाच्या सरीत गेलेलं पाणी मुळं ओढतात आणि पानं हवेत सोडतात.

तिकडं भीमेचं पाणी संगमाच्या वरच उजनीत अडलेलं, पुढं कर्नाटकातली धरणं, मग आंध्र-तेलंगणातली. कृष्णेच्या पाण्याच्या वाटपासाठी बच्छावत लवाद नेमला गेला. त्याने 1970 च्या दशकात 2,060 टीएमसी पाणी महाराष्ट्र, कर्नाटक आणि आंध्र प्रदेश या तीन राज्यांत वाटून दिलं. महाराष्ट्राच्या वाट्याला 560, कर्नाटकला 700, आंध्रला 800. बेरीज पुरी होते. समुद्राच्या नावाचा रकाना त्यात नव्हता. या शतकाच्या सुरुवातीच्या दुष्काळी वर्षांत विजयवाड्याच्या खाली समुद्राकडे जवळजवळ काहीच पाणी गेलं नाही. उपनिषदात नद्यांची ठरलेली गती सांगितली आहे, ती त्या वर्षांत या नदीला मिळाली नाही.

मग वहिनींच्या मालकांचं काय? ज्याच्या नावाने घाटावर तिळांजली दिली, त्याचा जीव फलटणच्या कुठल्या चारीत अडकला, असं म्हणायचं?

हे मी नुसतं शब्दांचं कोडं म्हणून मांडत नाही. माणूस दृष्टान्तावर विसंबतो. दृष्टान्तातली नदी खोटी निघाली तर त्याच्या हातातली काठीच सरकते. म्हणून त्यात खरं काय आणि आपण पुढं चिकटवलेलं काय, ते पाहिलं पाहिजे.

*

आमच्याच मुलखात नदीचा दुसरा दृष्टान्तही आहे, अगदी उलट्या दिशेचा. समर्थ रामदासांच्या दासबोधात अकराव्या दशकात चंचळ नदीचा समास आहे. त्यात नदी म्हणजे माया. ती वरून खाली वाहते आणि सगळ्यांना ओढून नेते. जो नेट धरून उलटा पोहतो तो उगमापर्यंत जातो, आणि उगमाच्या पलीकडे पाहतो तर पाणीच नाही. दासबोध शिवथरच्या घळीत लिहिला गेला अशी परंपरा आहे. ती घळ वरंध घाटाच्या पायथ्याला, नीरेच्या उगमाच्या पल्याडच्या उतारावर आहे. घळीच्या तोंडाशी पावसाळ्यात धबधब्याचा पडदा असतो आणि त्या आवाजात शेजारच्याशी ओरडून बोलावं लागतं. पाणी असं अंगावर कोसळत असताना ज्याने उलटं पोहण्याचा विचार केला, त्याच्या धैर्यापुढे मी नतमस्तक आहे.

मी नीरेच्या उगमाशी गेलो आहे. समर्थ म्हणतात ते तिथं डोळ्यांना दिसतं. खाली शिरवळला जिचा पूर पाहून छाती दडपते, ती वर ओल्या दगडातून झिरपणारी एक धार असते. धारेच्या वर ओलं गवत आणि गवताच्या वर ढग. नदी अमुक जागी सुरू झाली, असं बोट ठेवून दाखवता येत नाही.

म्हणजे एक शास्त्र म्हणतं समुद्रापर्यंत जा, तिथं तू उरणार नाहीस. दुसरं म्हणतं उगमाकडे जा, तिथं नदीच उरणार नाही. दोन्हीकडे सांगायचं एकच आहे: मी नीरा, हा अभिमान खरा नाही. मला ते पटतं. पण नीट पाहिलं तर हा अभिमान सोडायला नीरेला समुद्र लागत नाही. नरसिंगपूरलाच तिचं नाव जातं. संगमावर पायऱ्या उतरून उभं राहिलं की काही अंतरापर्यंत दोन्ही पाण्यांचे रंग वेगळे दिसतात; पुराच्या दिवसांत तर एक तांबूस आणि एक करडा. मग ते कुठं एक झाले, सांगता येत नाही. तिथून पुढं लोक तिला भीमा म्हणतात. तीच भीमा पंढरपुरापुरती चंद्रभागा होते. रायचूरला भीमाही जाते. समुद्र दिसायच्या कितीतरी आधी नाव टाकून झालेलं असतं, आणि ते टाकलेलं असतं दुसऱ्या नदीत, दुसऱ्याच्या ओंजळीत.

वारकऱ्यांना हे फार पूर्वी कळलं असावं असं मला वाटतं. माऊलींची पालखी आळंदीहून निघून सासवड, जेजुरी, वाल्हे करत नीरेला येते. नदीच्या पात्रात पादुकांना स्नान घालतात आणि मग पालखी साताऱ्याच्या हद्दीत, लोणंदला, आमच्या खंडाळा तालुक्यात शिरते. तुकोबांच्या पालखीचं नीरास्नान खाली सराटीला होतं. दोन्ही पालख्या नीरा ओलांडतात आणि पंढरपूरला जातात. नीरेचं पाणीही पंढरपूरलाच जातं. पावसाळ्यात वीरचा सांडवा सुटला की पंढरपूरच्या वाळवंटातल्या पुंडलिकाच्या देवळाला पाणी लागतं. उजनीचं आणि वीरचं पाणी एका वेळी आलं तर तिथं काठावरची घरं हलवावी लागतात. नोकरीत असताना सांडव्याचा विसर्ग वाढवल्याचे निरोप पंढरपूरकडे जायचे, तेव्हा मला नेहमी वाटायचं की ही वारी कुणी मोजतच नाही.

आणि विठ्ठल उभा आहे तो नदीच्या वाटेवर, ऐन वळणावर, समुद्रापासून शेकडो कोस दूर. तो कुणी तिथं पोचेपर्यंत थांबलेला नाही. तोच भक्तासाठी आला आणि विटेवर राहिला. संतांनी मोक्ष मागितला नाही, पुन्हा जन्म मागितला, म्हणजे पुन्हा वाट मागितली. ज्या परंपरेचं दैवत नदीच्या मधोमध आहे, त्या परंपरेतल्या घाटावर उभं राहून समुद्राआधीचं सगळं म्हणजे नुसता रस्ता, असं आपण कसं म्हणतो?

म्हणून फलटणच्या चारीत मुरलेला थेंब वाया गेला असं मला म्हणवत नाही. तो कुणाच्या तरी शाळूच्या कणसात गेला. कुणाच्या गोठ्यातल्या म्हशीच्या घोटात गेला. त्याचं नाव आणि रूप गेलं ते तिथंच, खरोखर गेलं. उद्दालकांच्या कसोटीला तो थेंब उतरतो.

*

इथं थांबता आलं असतं तर बरं झालं असतं. पण कालव्यावर काम केलेल्या माणसाला इथं थांबता येत नाही, कारण "पाणी वाटेत कामी आलं" हे वाक्य मी फार वेळा ऐकलं आहे, आणि ते बहुतेक वेळा हेडच्या माणसाच्या तोंडून ऐकलं आहे.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. कालव्याचं तोंड तो हेड, शेवट तो टेल. शेतकरी सात नंबरचा फॉर्म भरून पाणी मागतो, खातं आवर्तन ठरवतं, आणि पाणी सुटलं की शेजपाळीने एकेका शेताला द्यायचं. नियम असा की आधी टेलला, मग उलटं हेडकडे येत यायचं. कारण उघड आहे. हेडवाल्याच्या दारातून पाणी जातंच आहे, त्याला ते कधीही मिळेल. टेलवाल्याकडे पोचवलं तरच पोचतं. पण रात्री दीडच्या सुमाराला कालव्यावरून फिरताना जे दिसायचं ते वेगळंच. कुठं गेटाखाली दगड घालून ते उचललेलं. कुठं भरावातून पाइप टाकलेला. चारीत दोन ठिकाणी फोड करून पाणी आपल्या उसात वळवलेलं आणि बांधावर कुणी नाही. उसाच्या पाल्यात पाण्याचा आवाज तेवढा.

एका उन्हाळी आवर्तनात टेलचा एक म्हातारा शेतकरी रोज संध्याकाळी चारीच्या शेवटच्या दारापाशी येऊन बसायचा. दोन एकराचा धनी, त्यात जनावरांसाठी कडवळ. चारीच्या तळाला भेगा पडलेल्या. तो फावड्याचा दांडा त्या भेगेत खुपसून बघायचा, दांडा ओला होतो का. हेडच्या गेजवर आकडा पुरा होता. माझ्या रजिस्टरात पाणी सुटलेलं होतं. मी त्याला म्हणालो, "बाबा, वर पुरं पाणी चाललंय." तो म्हणाला, "सायेब, पानी कुनाच्या तरी कामालाच आलं आसंल, म्या न्हाई म्हनत न्हाई. पन माझी पाळी हुती." त्याने वाक्याला जोर दिला नाही, तक्रारीचा सूरही नव्हता. पाणी त्याच्या दारात आलं ते आवर्तन संपायच्या आदल्या रात्री, घोट्याएवढं.

तेव्हापासून मी दोन थेंबांत फरक करू लागलो. एक दिलेला, एक घेतलेला. पिकात दोन्ही सारखेच मुरतात, नाव-रूप दोघांचंही जातं. पण दुसऱ्यात कुणाची तरी पाळी बुडालेली असते. तत्त्वज्ञानाच्या पुस्तकात या फरकाला जागा आहे की नाही याची चिंता मी करत नाही. धर्मात मात्र आहे. आमच्या शिरवळला जुन्या वाटेवर दगडी पाणपोई आहे, शेकडो वर्षांपूर्वीची. ज्याने ती बांधली त्याने वाटसरूला पाणी दिलं; पाण्याने कुठं पोचावं, यापेक्षा ते कुणाला द्यायचं, हा प्रश्न त्याला जास्त महत्त्वाचा वाटला असणार.

हाच विचार नदीच्या अंगाने पुढं नेला तर समुद्र वेगळा दिसायला लागतो.

*

गीतेच्या दुसऱ्या अध्यायात स्थितप्रज्ञाला समुद्राची उपमा आहे. चारी बाजूंनी पाणी येऊन मिळतं तरी तो आपली मर्यादा सोडत नाही. ज्ञानेश्वर महाराजांनी ती आणखी उलगडली: पावसाळ्यात नद्या दुथडी भरून आल्या म्हणून तो वाढत नाही, उन्हाळ्यात आटल्या म्हणून उणा होत नाही. मनाच्या स्थितीबद्दल यापेक्षा खोल कुणी बोललं नसेल. पण आपण त्यातून एक सोयीचा अर्थ काढला, की समुद्राला नदीची गरज नाही. गेलं पाणी तर गेलं, नाही गेलं तर नाही; त्याचं काय अडतंय? "समुद्राला वाहून वाया जाणारं पाणी" हा शब्दप्रयोग आमच्या खात्यात सर्रास चालायचा, भाषणांत तर अजूनही चालतो.

निवृत्तीनंतर मी कृष्णेच्या मुखाकडे जाऊन आलो. हंसलदीवीच्या बाजूची जमीन इतकी सपाट की नदी कोणत्या दिशेला वाहतेय ते क्षणभर कळत नाही. ती सगळी जमीन नदीनेच आणलेल्या गाळाची. त्यात सह्याद्रीच्या काळ्या दगडाचा भुगा आहे, म्हणजे आमच्या डोंगराचा अंश आहे. धरणांनी पाणी अडवलं तसा हा गाळही अडला. वरून गाळ येईना, तेव्हा लाटा किनारा खायला लागल्या. त्रिभुज प्रदेशाचे काही भाग गेल्या काही दशकांत मागे हटले आहेत. नदीचा गोड रेटा कमी झाला की भरतीचं खारं पाणी आत शिरतं, जमिनीखालीही शिरतं. खाडीतले मासे, कोळंबी, तिवरांची झाडं, सगळ्यांचं जगणं गोड्या आणि खाऱ्याच्या मापावर चालतं. तिथला किनारा आमच्या टेलच्या म्हाताऱ्यासारखा बसून आहे. त्याचीही पाळी होती.

बच्छावत लवादाच्या वाटपात समुद्राचा रकाना नव्हता, हे मी वर सांगितलं. नंतरच्या लवादाने नदीच्या किमान प्रवाहासाठी थोडं पाणी वेगळं काढायचा विचार केला, हे मला फार मोठं पाऊल वाटतं. थोडं का होईना, शेवटचा हक्कदार कागदावर आला.

म्हणजे नदीने समुद्राला मिळणं हे तिचं बक्षीस नव्हे, ते तिचं देणं आहे. छांदोग्यातल्या त्या दृष्टान्तात एक गोष्ट आहे, तिच्याकडे प्रवचनात सहसा कुणी लक्ष वेधत नाही. उद्दालक सांगतात की नद्या समुद्रापासूनच निघतात आणि समुद्रालाच जातात. ढग समुद्रातून उठतो, हे ऋषींना ठाऊक होतं. नदी समुद्राकडे जाते ती उसनं घेतलेलं परत करायला. आणि आमच्या नीरेच्या बाबतीत यात आणखी एक पेच आहे. घेतलं अरबी समुद्राकडून आणि द्यायचं बंगालच्या उपसागराला. ज्याने दिलं त्याला ते परत मिळतच नाही; सह्याद्रीच्या माथ्यावर ते पलीकडे गेलं, ते गेलंच.

हे पितृऋणासारखं आहे. आईबापांनी जे दिलं ते आईबापांना परत करता येत नाही. ते खाली द्यायचं असतं, लेकरांना, नातवंडांना, गावातल्या पोरांना. घाटावर ज्या माणसाला आपण तिळांजली देतो त्याचं ऋण आपण त्याला फेडत नाही, ते पुढं सरकवतो. मला वाटतं, दशक्रियेच्या दिवशी सांगावं असं काही नीरेकडे असेल तर ते हे आहे. आणि वाटेत ते किती जिरवायचं, किती पुढं सोडायचं, याचा विचार प्रत्येक दारावरच्या माणसाने करायचा आहे. हेडवर बसलेल्याने जास्त. आम्ही शिरवळकर कृष्णाखोऱ्याच्या अगदी हेडला आहोत. आमच्या खाली फलटण आहे, पंढरपूर आहे, गुलबर्गा-रायचूर आहे, विजयवाडा आहे आणि शेवटी खारं पाणी. नदीत काय सोडायचं, तेही याच हिशेबात येतं. खाली काही ठिकाणी उन्हाळ्यात पात्र काळं पडतं, मासे मरून तरंगतात, आणि त्याच पात्रात काही महिन्यांनी पादुकांना स्नान घालायचं असतं. पुढच्याची पाळी बुडवणं म्हणजे नुसतं पाणी अडवणं नव्हे. खराब पाणी पाठवलं तरी पाळी बुडतेच.

*

वहिनींना मी हे सगळं एका बैठकीत सांगितलं नाही. त्या शेतात भेटायच्या, विहिरीवर भेटायच्या, तेव्हा थोडंथोडं. त्यांचं म्हणणं स्पष्ट होतं: "समुद्राला न्हाई गेलं तर न्हाई. पन ते वाया गेलं न्हाई, येवढं कळलं म्हंजे झालं." मी म्हणालो, "वहिनी, अर्धं तेवढंच आहे." उरलेलं अर्धं त्यांना आवडलं नाही. त्यांची जमीन चारीच्या वरच्या अंगाला आहे.

वर्षभराने त्यांच्या सासूबाई गेल्या. या वेळी रक्षा कुठं सोडायची यावरून घरात दोन मतं झाली. वहिनींच्या धाकट्या मुलाला वाटत होतं, शेतात खड्डा काढून त्यात रक्षा घालावी आणि वर आंब्याचं रोप लावावं. सातारा-सांगलीकडे आता पुष्कळ घरी तसं करतात, नदीही घाण होत नाही. आत्याबाईंना नरसिंगपूरच हवं होतं. "संगमाशिवाय गती न्हाई," त्या हटून बसल्या. शेवटी मला विचारायला आले. मी म्हणालो, दोन्ही करा. मूठभर नरसिंगपूरला न्या, बाकी शेतात. धाकटा म्हणाला, "काका, शेतात घातलेलं मग समुद्राला कसं जाणार?"

मी त्याला त्यांच्याच शेताचा नकाशा काढून दाखवला. पाणी दिलं की थोडं पिकाच्या मुळाखालून निसटतं, मुरूमातून ओघळीला लागतं, ओघळ ओढ्याला आणि ओढा नीरेला. आमच्या खात्यात त्याला पाझराचं पाणी म्हणतात, आणि हिशेबात ते धरावंच लागतं. त्याने नकाशा उलटसुलट करून पाहिला. मग विचारलं, ओढ्यावर त्यांनी गेल्या साली जो मातीचा बांध घातलाय, त्यात ते अडेल का. अडेल, मी म्हणालो. रक्षा घातली त्या दिवशी तो फावडं घेऊन ओढ्यावर गेला आणि बांधाला एका कडेने सांडवा काढायला लागला. वहिनी बांधावर उभ्या होत्या. "लई खोल काढू नगंस," त्या म्हणाल्या. "हिरीला बी पायजे." किती खोल, यावर मायलेकांचं बराच वेळ चाललं होतं.